व्याजाची दाद

कर्ज हा शब्द घरात मोठ्याने उच्चारू नये, असा आपल्याकडे एक अलिखित दंडक आहे. लग्नकार्याची किंवा घराच्या बांधकामाची चर्चा बैठकीच्या खोलीत होते. त्यासाठी काढलेल्या कर्जाची चर्चा मात्र स्वयंपाकघरात, आणि तीही दबल्या आवाजात. हप्ते सुरळीत चालू असतात तोवर कर्जाचे कागद कपाटात पडून राहतात. हप्ता चुकू लागला म्हणजे ते अधिकच खोल ठेवले जातात. मग एके दिवशी बँकेची नोटीस येते, मागणीचा आकडा मूळ कर्जाच्या दीडपट-पावणेदोनपट झालेला दिसतो, आणि घरातला कर्ता माणूस वकिलाच्या दारी जाऊन पहिला प्रश्न विचारतो, "साहेब, कोर्टातून व्याज माफ होईल ना?"

हा प्रश्न मी पुष्कळदा ऐकला आहे. डाकखात्याच्या नोकरीत बचत बँकेच्या खिडकीमागे माझे बरेचसे आयुष्य गेले. हुबळी, जबलपूर, नागपूर अशा गावोगावी बदल्या झाल्या. व्याजाची कोष्टके जाणणारा मनुष्य म्हणून शेजारीपाजारी आणि नातेवाईक आपापले कागद घेऊन माझ्याकडे येत. निवृत्तीनंतरही त्यांचे येणे थांबलेले नाही. मी काही कायदेपंडित नव्हे. परंतु अशी अनेक प्रकरणे पाहिल्यावर माझे एक मत बनले आहे, आणि ते सर्वसामान्य कुटुंबांच्या उपयोगी पडेल असे वाटल्यावरून येथे मांडीत आहे. व्याजाच्या बाबतीत न्यायासनापुढे दोन अगदी निरनिराळ्या गोष्टी मागितल्या जातात. एक हिशेब आणि दुसरी दया. हिशेब मागणाऱ्याचे म्हणणे न्यायालय बारकाईने ऐकते. दया मागणाऱ्यास ते बहुधा सांगते, की ही देण्याचा अधिकार आमचा नव्हे.

ऋणकोने व्याजाविरुद्ध दाद मागावी, ही कल्पना आपल्याला नवी नाही. आपल्या जुन्या धर्मशास्त्रात दामदुपटीचा नियम होता: एका वेळी वसूल करावयाचे व्याज मुद्दलाहून अधिक होता कामा नये. इंग्रजी अमदानीत मुंबई इलाख्यातील न्यायालयांनीही तो हिंदू ऋणकोंच्या बाबतीत मान्य केला. तथापि नियम असणे वेगळे आणि तो खतावणीपर्यंत पोहोचणे वेगळे. १२ मे १८७५ रोजी पुणे जिल्ह्यातील सुपे येथे शेतकऱ्यांनी सावकारांच्या पेढ्यांवर चाल केली, तेव्हा त्यांचा मुख्य रोख होता तो कर्जरोख्यांवर आणि वह्यांवर. ते कागद मिळवून जाळण्यात आले. आपल्या नावे काय लिहिले आहे हे ज्याला कधी वाचता आले नाही, त्याने शेवटी ते लिखाणच अग्नीच्या स्वाधीन केले.

या दंग्यांनंतर चौकशी होऊन १८७९ मध्ये दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी खास कायदा झाला. पुणे, सातारा, सोलापूर आणि अहमदनगर या जिल्ह्यांसाठी तो प्रथम करण्यात आला. न्यायाधीशाने केवळ रोख्यावरील आकड्यावर न विसंबता व्यवहाराच्या आरंभापर्यंत मागे जावे, मुद्दल व व्याज यांचा हिशेब वेगवेगळा मांडावा, असे त्यात सांगितले होते. न्यायमूर्ती महादेव गोविंद रानडे यांनी या कायद्याखालील विशेष न्यायाधीश म्हणून काम केले. त्याच कायद्यात आणखी एक साधीशी तरतूद होती. शेतकऱ्याने दिलेल्या रकमेची लेखी पावती, दरवर्षी हिशेबाचा उतारा आणि मागितल्यास नोंदीचे पुस्तक, हे त्याला मिळालेच पाहिजे. तो कायदा आज इतिहासजमा झाला आहे; परंतु आपण बँकेत सहज मागतो त्या खातेपुस्तकामागे एवढा मोठा इतिहास आहे, हे विसरता येत नाही.

सावकारीला खरा पर्याय म्हणून पुढे सहकार आला. १९०४ च्या सहकारी पतसंस्था कायद्याच्याही पंधरा वर्षे आधी, १८८९ मध्ये, बडोद्यास विठ्ठल लक्ष्मण कवठेकर यांच्या पुढाकाराने 'अन्योन्य सहकारी मंडळी' स्थापन झाली होती. कायदा झाल्यानंतर तिकडे मद्रास इलाख्यात कांचीपुरम येथे आणि इकडे आजच्या गदग जिल्ह्यातील कणगिनहाळ या खेड्यात संस्था उभ्या राहिल्या. 'अन्योन्य' या शब्दातच सर्व काही आले. येथे धनको निराळा आणि ऋणको निराळा नाही. कर्ज घेणारा सभासद असतो, त्याचे भाग संस्थेत असतात, सर्वसाधारण सभेत त्याला मत असते. आणि त्याला मिळणारी रक्कम ही त्याच्याच गावातील कोणा विधवेची, कोणा शिक्षकाची, कोणा किराणा दुकानदाराची ठेव असते. सावकाराचे व्याज बुडविले तर नुकसान एका सावकाराचे. सहकारी बँकेचे व्याज बुडाले तर ते कोणाच्या ताटातून वजा होते, हे शोधावे लागते.

आमच्या कुटुंबात ते शोधावे लागले नाही. माझी आत्या प्राथमिक शाळेतील शिक्षिका. निवृत्तीच्या वेळी मिळालेली रक्कम तिने इचलकरंजीच्या एका सहकारी बँकेत मुदतठेवीत ठेवली होती, आणि तिच्या मुलाने, म्हणजे माझ्या धाकट्या आतेभावाने, त्याच बँकेतून २०१७ मध्ये चार यंत्रमागांसाठी कर्ज घेतले होते. एकाच फडताळात एका बँकेची दोन पुस्तके. एकात आत्याला सात टक्क्यांनी व्याज जमा होई, दुसऱ्यात भावाच्या नावे तेरा टक्क्यांनी व्याज खर्ची पडे. मधल्या सहा टक्क्यांत बँकेचे पगार, भाडे, विजेचे बिल आणि बुडालेल्या कर्जांची तरतूद.

भाऊ खर्चीवाला, म्हणजे व्यापाऱ्याकडून सुताची बिमे घेऊन मजुरीवर कापड विणून देणारा. २०२० च्या टाळेबंदीत माग थांबले. मधल्या सहा महिन्यांत हप्त्यांना सवलत मिळाली, पण ती संपल्यावरही व्यापाऱ्यांकडून पुरेशी बिमे येईनात. २०२१ मध्ये हप्ते थकले आणि २०२२ च्या पावसाळ्यात बँकेची साठ दिवसांची नोटीस आली. तारणात राहते घर होते. भाऊ ती नोटीस घेऊन माझ्याकडे आला तेव्हा त्याचे म्हणणे एकच होते.

"दादा, माग बंद होते त्या काळाचे व्याज कसले मागतात हे लोक? मी हायकोर्टात जाणार. सगळे व्याज रद्द करून घेणार."

आत्या शेजारीच तांदूळ निवडीत बसली होती. तिने मान वर न करता विचारले, "अरे, तुझे माग बंद होते तेव्हा माझी औषधे बंद नव्हती. त्या महिन्यांचे माझे व्याज बँकेने दिले नसते तर तू काय म्हणाला असतास?"

भाऊ गप्प बसला. मला मात्र त्या प्रश्नाने या विषयाची दुसरी बाजू लख्ख दिसली. पुढे मी त्या काळचे निकाल मिळवून वाचले, तेव्हा आढळून आले की, सर्वोच्च न्यायालयापुढेही नेमका हाच प्रश्न होता.

टाळेबंदीच्या काळात रिझर्व्ह बँकेने २७ मार्च २०२० रोजी हप्ते तहकूब करण्याची मुभा बँकांना दिली. सहकारी बँकाही तीत होत्या. प्रथम तीन महिने आणि पुढे आणखी तीन, अशी १ मार्च ते ३१ ऑगस्टपर्यंत ही सवलत होती. हप्ता पुढे गेला तरी व्याज चालूच राहिले. त्याविरुद्ध अनेक कर्जदार व उद्योजकांच्या संघटना सर्वोच्च न्यायालयात गेल्या. २३ मार्च २०२१ रोजी निकाल लागला. त्या सहा महिन्यांचे संपूर्ण व्याज माफ करावे ही मागणी न्यायालयाने नाकारली. बँकांनाही आपल्या ठेवीदारांना व्याज द्यावे लागते, हे एक कारण त्यात सांगितले आहे. मात्र त्या काळातील व्याजावर व्याज किंवा दंडव्याज कोणाही कर्जदाराकडून घेऊ नये, आणि घेतले असल्यास ते परत करावे किंवा पुढील हप्त्यात वळते करावे, असा स्पष्ट आदेश दिला. ज्या माणसाला हप्ता तहकूब करण्याची परवानगी दिली, त्याला त्याच तहकुबीबद्दल दंड कसा करता येईल, असा त्यामागील विचार आहे. त्यापूर्वीच, ऑक्टोबर २०२० मध्ये, केंद्र सरकारने दोन कोटी रुपयांपर्यंतच्या कर्जांसाठी चक्रवाढ आणि सरळव्याज यांतील फरक स्वतः भरण्याची योजना जाहीर केली होती.

निकाल मोठा खरा. पण एका घराच्या दृष्टीने त्याचे मोल किती, हे मी भावाला मांडून दाखविले. त्याच्या खात्यावर तेव्हा आठ लाख रुपये येणे होते. तेरा टक्के दराने सहा महिन्यांचे सरळव्याज बावन्न हजार रुपये होते. दर महिन्यास चक्रवाढ धरली तर ते सुमारे त्रेपन्न हजार चारशे तीस. फरक सुमारे चौदाशे तीस रुपये. तेवढी रक्कम त्याच्या खात्यावर जमा झालेली पुस्तकात दिसत होती. ज्या निकालाच्या आधारावर तो घर वाचविणार होता, त्यातून मिळावयाचे ते त्याला आधीच मिळून गेले होते.

मग आम्ही उरलेला हिशेब घेतला. तीन संध्याकाळ आम्ही कर्जाचे मंजुरीपत्र आणि खात्याचा उतारा समोर ठेवून ओळ न् ओळ तपासली. मंजुरीपत्रात लिहिले होते की, थकलेल्या हप्त्याच्या रकमेवर दोन टक्के जादा दंडव्याज आकारले जाईल. उताऱ्यात मात्र ते थकलेल्या हप्त्यावर न आकारता संपूर्ण येणे रकमेवर आकारलेले होते, आणि दर तिमाहीस मुद्दलात मिसळून त्यावर पुन्हा व्याज लावलेले होते. बेरीज केल्यावर सुमारे अडतीस हजार रुपयांचा फरक निघाला.

यात कोणाचा दुष्ट हेतू होता असे मला वाटत नाही. बहुधा यंत्रगणकात भरलेला नियम चुकला असावा. परंतु अशा चुकांचे फळ किती होते, हे प्रत्येक गृहिणीने एकदा कागदावर करून पाहण्यासारखे आहे. एक लाख रुपये बारा टक्क्यांनी पाच वर्षे ठेवले, मध्ये काहीच परतफेड झाली नाही, तर सरळव्याज साठ हजार होते. वर्षाला चक्रवाढ केल्यास ते सुमारे शहात्तर हजार दोनशे होते, तिमाहीस केल्यास ऐंशी हजार सहाशे. आणि त्यात दोन टक्के दंडव्याज मिळवून चौदा टक्क्यांनी तिमाही चक्रवाढ केली, तर व्याजच अठ्ठ्याण्णव हजार नऊशे ऐंशीच्या घरात जाते. म्हणजे पाच वर्षांत जवळजवळ दामदुपट! केवळ आकारणीच्या पद्धतीने साठाचे नव्याण्णव होतात. म्हणून व्याजाचा दर विचारणे पुरेसे नसते. ते कशावर, किती दिवसांनी आणि कशात मिसळून आकारले जाते, हे विचारावे लागते.

या बाबतीत न्यायालयांनी घालून दिलेल्या मर्यादा पुष्कळ स्पष्ट आहेत. १९१८ च्या एका कायद्याने अवाजवी व्याजाचा व्यवहार पुन्हा उघडून पाहण्याचा अधिकार न्यायालयांना दिला होता. परंतु १९८४ पासून बँकांच्या कर्जांबाबत, केवळ दर जास्त आहे एवढ्याच कारणासाठी, तो अधिकार उरलेला नाही. बँकांवर रिझर्व्ह बँकेची देखरेख असते, हे त्याचे समर्थन. शेतकऱ्यांच्या बाबतीत मात्र, ज्या राज्यांत बँकांच्या कर्जांनाही लागू होणारे कर्जनिवारणाचे कायदे आहेत, तेथे या मनाईचा अडसर येत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१८ मध्ये ठरविले. इतरांनी मात्र 'दर फार आहे हो' एवढेच म्हणून भागत नाही. 'करारात आणि रिझर्व्ह बँकेच्या नियमात नाही ते आकारले आहे' असे म्हणता आले, तर गोष्ट वेगळी. सेंट्रल बँक ऑफ इंडियाच्या एका खटल्यात १८ ऑक्टोबर २००१ रोजी पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने हा भेद नीट उलगडला आहे. करारानुसार ठराविक मुदतीने व्याज मुद्दलात मिळविणे वैध. परंतु दंडव्याज मुद्दलात मिळविता येत नाही. शेतीकर्जाच्या व्याजाची आकारणी पिकाच्या हंगामाशी जुळती हवी. तेथे तिमाही-सहामाही चक्रवाढ चालत नाही. लहान व अत्यल्पभूधारक शेतकऱ्यांच्या अल्पमुदतीच्या कर्जावर एकूण व्याज मुद्दलाहून अधिक होऊ नये, असे रिझर्व्ह बँकेचे निर्देश आहेत. महाराष्ट्राच्या १९६० च्या सहकारी संस्था अधिनियमातही काही प्रकारच्या कर्जांपुरता दामदुपटीचाच नियम कलम ४४-अ मध्ये आणलेला आहे. आणि १८ ऑगस्ट २०२३ च्या परिपत्रकाने रिझर्व्ह बँकेने 'दंडव्याज' हा प्रकारच बंद केला. हप्ता चुकल्यास वाजवी दंडाची रक्कम घेता येते, पण ती व्याजदरात मिळविता येत नाही आणि तिच्यावर व्याज चढत नाही. व्यापारी बँकांप्रमाणे नागरी सहकारी बँकांनाही हा नियम लागू असून नव्या कर्जांसाठी तो १ एप्रिल २०२४ पासून अंमलात आला.

आता दुसरी बाजू. बँकेने व्याजात सूट देऊन एकरकमी परतफेडीची तडजोड करावी, असा हुकूम न्यायालयाने द्यावा काय? उत्तर प्रदेशातील बिजनौरच्या नागरी सहकारी बँकेविरुद्ध तेथील उच्च न्यायालयाने कर्जदाराच्या बाजूने तसा आदेश दिला होता. सर्वोच्च न्यायालयाने १५ डिसेंबर २०२१ रोजी तो रद्द केला. तडजोड हा कर्जदाराचा हक्क नव्हे. तारण विकून पूर्ण वसुली होण्यासारखी असेल तर सूट द्यावी की न द्यावी, हा बँकेचा व्यापारी निर्णय आहे, असे त्या निकालाचे सार. अन्यथा ऐपत असलेला मनुष्यही हप्ते थांबवून सुटीची वाट पाहत बसेल आणि प्रामाणिकपणे फेडणारा मूर्ख ठरेल. मंजूर झालेल्या तडजोडीची मुदत चुकली तर न्यायालयाने ती वाढवून द्यावी, हीही अपेक्षा २०२२ मध्ये त्याच न्यायालयाने फेटाळली आहे.

तमिळनाडूतील प्रकरण याहून व्यापक आहे. त्या राज्याने २८ जून २०१६ रोजी सहकारी बँकांची लहान आणि अत्यल्पभूधारक, म्हणजे पाच एकरांपर्यंतच्या, शेतकऱ्यांची कर्जे माफ केली. मोठ्या शेतकऱ्यांनाही दुष्काळ तितकाच जाळतो, असे म्हणून शेतकऱ्यांची एक संघटना न्यायालयात गेली; मद्रास उच्च न्यायालयाच्या मदुराई पीठाने एप्रिल २०१७ मध्ये तिच्या बाजूने निकाल दिला. २३ नोव्हेंबर २०२१ रोजी सर्वोच्च न्यायालयाने तो फिरविला. ज्यांच्याजवळ सर्वांत थोडे आहे त्यांना प्रथम हात देणे हे समतेला सोडून नाही, असे तेथे ठरले. माफी कोणाला द्यावयाची हे शासन ठरविते, कारण ती जनतेच्या पैशातून येते. न्यायालय पाहते ते एवढेच, की ती देताना मनमानी झाली नाही ना.

हे सर्व ऐकून एखाद्या गांजलेल्या कर्जदारास वाटेल की, कायदा बँकेच्याच बाजूचा आहे. तसे म्हणण्यापूर्वी आपण ठेवीदाराच्या ठिकाणी क्षणभर उभे राहावे. २३ सप्टेंबर २०१९ रोजी पंजाब अँड महाराष्ट्र सहकारी बँकेवर निर्बंध आले, तेव्हा प्रारंभी ठेवीदारास स्वतःच्या खात्यातून केवळ एक हजार रुपये काढता येत होते. मुलीचे लग्न ठरलेले, कोणी रुग्णालयात पडलेले, आणि आपलाच पैसा आपल्याला मिळत नाही. ते संकट ओढवले मोठ्या कर्जाच्या गैरव्यवहाराने, गरीब कर्जदारांमुळे नव्हे, हे खरेच; परंतु सहकारी बँकेचे कर्ज बुडाले म्हणजे भार शेवटी कोणाच्या डोक्यावर येतो, हे त्या दिवसांनी देशाला दाखविले. फेब्रुवारी २०२० पासून प्रत्येक ठेवीदारास पाच लाख रुपयांपर्यंत विम्याचे संरक्षण मिळू लागले, हा दिलासा आहे. पण विमा हा अपघातासाठी असतो, नित्याच्या व्यवहारासाठी नव्हे.

भावाने शेवटी काय केले, ते सांगतो. साठ दिवसांच्या आत बँकेला लेखी हरकत देता येते आणि पंधरा दिवसांत बँकेला तिचे उत्तर द्यावे लागते, ही सरफेसी कायद्यातील तरतूद आम्ही उपयोगात आणली. २००२ चा हा कायदा सहकारी बँकांनाही लागू आहे, हे मुरगूडच्या एका सहकारी बँकेच्या प्रकरणात घटनापीठाने ५ मे २०२० रोजी कायम केले. त्यामुळे कोर्टात न जाता तारण ताब्यात घेण्याचा अधिकार या बँकांना आहे. पण त्याच कायद्यातले कर्जदाराचे हक्कही त्यांना पाळावे लागतात. हरकतीच्या पत्रात आम्ही एकही विशेषण घातले नाही. तारीख, रक्कम, मंजुरीपत्रातील कलम आणि उताऱ्यातील नोंद, एवढेच लिहिले. बँकेचे उत्तर तेराव्या दिवशी आले: दंडव्याजाची आकारणी दुरुस्त करून अडतीस हजार रुपये वजा केले आहेत, उर्वरित मागणी कायम आहे.

अडतीस हजारांनी घर वाचले नाही. पण त्या पत्राने एक गोष्ट झाली. ज्या शाखेत भाऊ मान खाली घालून जात असे, तेथे तो हिशेब समजणारा सभासद म्हणून बसू लागला. दोन माग विकून त्याने काही रक्कम भरली आणि एकरकमी परतफेडीच्या योजनेखाली रीतसर अर्ज केला. संचालक मंडळाने उरलेल्या व्याजातील काही भाग सोडून बाकी रकमेसाठी वर्षाची मुदत दिली. ती त्याने पाळली. सूट मिळाली ती न्यायालयाच्या हुकमाने नव्हे. ज्याचा तो अधिकार होता, त्या मंडळाने विचार करून दिली. घर राहिले. उरलेल्या दोन मागांवर त्याचे काम आजही चालू आहे.

प्रत्येक प्रकरणाचा शेवट असा होत नाही. पुष्कळदा बँक चूक मान्य करीत नाही. मग दाद मागावीच लागते, आणि त्यात कमीपणा मानण्याचे कारण नाही. मात्र कोठे जावयाचे, हे नोटीस कोणत्या कायद्याखाली आली आहे त्यावरून ठरते. सरफेसीखाली बँकेने तारणाचा ताबा घेण्यासारखे पाऊल उचलल्यास त्याविरुद्ध पंचेचाळीस दिवसांत कर्जवसुली न्यायाधिकरणाकडे अर्ज करावा लागतो. शेतजमिनीच्या तारणाला आणि एक लाखापर्यंतच्या कर्जाला तो कायदा लागू नाही. सहकार कायदे राज्याराज्यांचे वेगळे. अनेक राज्यांत शाखा असलेल्या बँकांना केंद्राचा २००२ चा बहुराज्य सहकारी संस्था कायदा लागू पडतो. महाराष्ट्रात निबंधकाने कलम १०१ खाली वसुलीचा दाखला दिला, तर त्याविरुद्ध फेरतपासणी मागताना वसुलीपात्र रकमेचा निम्मा भाग आधी भरावा लागतो. ज्याच्याजवळ निम्मी रक्कम उरली नाही, त्याला ही वाट किती अरुंद आहे हे सांगणे नको. म्हणूनच दाखला निघण्यापूर्वी, निबंधकापुढे सुनावणी असते त्या दिवशी, हजर राहून आपला हिशेब मांडणे अगत्याचे आहे. कित्येक लोक त्या दिवशी भीतीने घरी बसतात आणि दाखला एकतर्फी निघतो. आकारणीसंबंधीच्या तक्रारीसाठी अनेक नागरी सहकारी बँकांच्या ग्राहकांना रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडेही विनामूल्य जाता येते.

या साऱ्याची तयारी न्यायालयात होत नाही, घरात होते. मंजुरीपत्राची प्रत, दर सहा महिन्यांनी मागितलेला खात्याचा उतारा आणि भरलेल्या प्रत्येक हप्त्याची पावती, हे तीन कागद एका पिशवीत असावेत आणि ती पिशवी कोठे आहे हे घरातील प्रत्येक जाणत्या माणसास ठाऊक असावे. विशेषतः जामीनदार म्हणून ज्याने सही केली आहे त्याला, आणि ज्या पत्नीचे नाव सहकर्जदार म्हणून लावले आहे तिला. हप्ता चुकणार असे दिसू लागताच, चुकण्याच्या आधीच, बँकेला लिहावे. हप्ता नव्वद दिवस थकला म्हणजे खाते अनुत्पादक ठरते, आणि त्यानंतर शाखाधिकाऱ्याच्या हातात फारसे काही उरत नाही. त्या नव्वद दिवसांत केलेला साधा अर्जही नंतरच्या मोठ्या दाव्याहून अधिक काम करतो.

कर्ज घेणे हा गुन्हा नाही आणि ते थकणे हे दर वेळी पापही नाही. पाऊस पडत नाही, गिऱ्हाईक येत नाही, घरात आजारपण येते. १८७५ मध्ये सुप्याच्या शेतकऱ्याला आपल्या नावावरचा हिशेब वाचता येत नव्हता, म्हणून त्याने तो जाळला. आपल्याला वाचता येतो. तो मागून घ्यावा, मुलामुलींना समोर बसवून वाचावा. जे आपण देणे आहोत ते देणे आहोत असे म्हणावे, आणि जे आपण देणे नाही त्याचा एक पैसाही देऊ नये. हे दोन्ही एकाच तोंडाने सांगता आले, तर मग समोर शाखाधिकारी असो, निबंधक असो की न्यायाधीश, कर्जदाराला मान खाली घालण्याचे कारण राहत नाही.